घरचं झालं थोडं, अन् व्याह्यानं धाडलं घोडं!

मित्रमैत्रिणींनो, आपल्या हॉस्टेलमधल्या विंडोजच्या कुठल्याही लॅपटॉपवर विंडोजचं बटण आणि जी ही दोन बटणं एकदम दाबून बघा. स्क्रीन जराशी काळवंडते, वर एक पट्टी येते आणि आजूबाजूला चार-दोन चौकटी उघडतात. एक आवाज कमी-जास्त करायची, एक स्क्रीनचं रेकॉर्डिंग करायची, एक प्रोसेसर आणि रॅम किती खर्च होतेय ते दाखवणारी. या बयेचं नाव गेम बार. पूर्ण नाव एक्सबॉक्स गेम बार! विंडोज १० बरोबर २०१५ साली ती आली आणि मे २०१९ च्या अपडेटपासून तिला हे आजचं रूप मिळालं. याला ओव्हरले म्हणतात, म्हणजे चालू असलेल्या प्रोग्रामच्या वर अंथरलेला एक पारदर्शक पडदा. गेम बंद न करता गेमरला गेमवरच चार कामं करता यावीत म्हणून केलेली ही सोय.

सोय चांगलीच आहे. पण प्रश्न असा, की सोनपेठ-पालमकडच्या ज्या मुलीने एक्सबॉक्स हा डबा जन्मात डोळ्यांनी पाहिला नाही, जिने लॅपटॉप घेतला तो ऑटोकॅड आणि सी प्रोग्रॅमिंगसाठी, तिच्या लॅपटॉपवर ही पट्टी काय करतेय? आणि नको असेल तर काढायला साधं अनइन्स्टॉलचं बटण का चालत नाही?

आपली एक जुनी म्हण आहे. घरचं झालं थोडं, अन् व्याह्यानं धाडलं घोडं! घरात आधीच खाणारी तोंडं कमी नाहीत, त्यात व्याह्याने प्रेमाने घोडा पाठवला. घोडा वाईट नाही हो, छान उमदा आहे! पण चारा कोणी घालायचा? आपल्या हॉस्टेलवरच्या लॅपटॉपांची अवस्था काय आहे ते सगळ्यांना माहीत आहे. कोणाचा मोठ्या भावाने वापरून दिलेला, कोणाचा सेकंडहँड, कोणाचा हप्त्यावरचा. कित्येकांत अजून चार जीबी रॅम. विंडोज ११ ची किमान अट कागदावर चार जीबी रॅम आणि चौसष्ट जीबी जागा एवढीच आहे, पण किमान अटीवर चालणारा लॅपटॉप म्हणजे किमान मार्कांवर पास झालेला आपला एखादा मित्र. चालतो, पण धापा टाकत. त्यात काहींचा लॅपटॉप इतका जुना की विंडोज ११ त्यावर चढतच नाही, आणि विंडोज १० चा नेहमीचा सपोर्ट १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपला. अशा घरात आणखी एक घोडा!

आता खरं ते खरं. गेम बार काढला म्हणजे तुमचा लॅपटॉप विमान होणार नाही. काही जण छातीठोकपणे सांगतात, "गेम बार काढ, डबल स्पीड होतो बघ." हा निव्वळ बाजार आहे. नुसती बसून असताना ही पट्टी फार काही खात नाही. खाते ती तिच्यातली बॅकग्राउंड रेकॉर्डिंगची सोय, म्हणजे तुम्ही गेम खेळत असताना मागच्या मागे सतत चित्रण करून ठेवणारी. ती चालू असेल तर हळू लॅपटॉपला घाम फुटतो. पण ती मुळात बंदच असते, तुम्हीच (किंवा तुमच्या रूममेटने!) चालू केलेली असली तरच चालते. तेव्हा ऐकीव गोष्टींवर जाऊ नका. आपण इंजिनिअर होणार आहोत ना? टास्क मॅनेजर उघडा, आकडे बघा, बंद करा, पुन्हा बघा. मोजल्याशिवाय बोलायचं नाही, हे मेजरमेंटच्या लॅबमध्ये शिकवलेलं रूमवरही लागू करा की!

मग माझी तक्रार काय आहे? वेगाची कमी, आणि हक्काची जास्त.

पहिली गोष्ट लक्ष विचलित होण्याची. ऑटोकॅडमध्ये कंट्रोल आणि जी दाबलं की ग्रिड चालू-बंद होते. व्हीएस कोडमध्ये तेच दाबलं की हव्या त्या ओळीवर जाता येतं. आता लॅपटॉपच्या कीबोर्डवर कंट्रोल आणि विंडोज ही बटणं किती जवळ असतात ते बघा. घाईत बोट एक घर सरकलं की ग्रिडच्या ऐवजी गेम बार हजर! रूमवर असाल तर एस्केप दाबून मोकळे व्हाल. पण समजा प्रॅक्टिकलची परीक्षा चालू आहे, बाहेरचे एक्स्टर्नल मागे उभे आहेत, आणि तुमच्या ड्रॉइंगवर एकदम "गेम" नावाची पट्टी उघडली. तुम्ही कितीही म्हणा, "सर, मी काही नाही केलं," सरांच्या भुवया वर जायच्या त्या जाणारच.

दुसरी गोष्ट घरची. कापूस-सोयाबीनच्या पैशातून लॅपटॉप घेऊन देणाऱ्या बापाला इंग्रजी येत नसेल, पण गेम हा शब्द त्याला बरोबर वाचता येतो. स्टार्ट मेनूमध्ये एक्सबॉक्स, गेम बार आणि पत्त्यांचा डाव हे सगळं आधीपासून मांडलेलं दिसलं, तर तो काय समजेल? "अभ्यासाला घेतला होता ना गं हा?" एवढंच तो विचारतो आणि गप्प बसतो. हे कंपनीने भरून दिलंय, मी नाही, हे त्याला पटवायला किती वेळ लागतो ते ज्यांनी पटवलंय त्यांना विचारा.

आणि तिसरी गोष्ट, माझ्या दृष्टीने सगळ्यात मोठी, परवानगीची. मी कॉन्व्हेंटमध्ये वाढले. तिथे वर्गाच्या दाराशी उभं राहून "मे आय कम इन, सिस्टर?" म्हटल्याशिवाय पाऊल आत पडत नसे. पहिली ते दहावी हेच. तेव्हा कंटाळा यायचा, पण त्यातला अर्थ आता कळतो. जागा दुसऱ्याची असेल तर विचारून आत यायचं, आणि जा म्हटलं की जायचं. लॅपटॉपचे पैसे मी भरले, लाईटबिल हॉस्टेल भरतं, डेटा पॅक माझा. मग माझ्या जागेत येणाऱ्याने दाराशी उभं राहून विचारायला नको? आयजीच्या जीवावर बायजी उदार, असं हे झालं. मायक्रोसॉफ्ट गेमरांवर उदार होते आणि जागा जाते माझी.

आता कामाचं बोलू. ही पट्टी बंद कशी करायची? ज्यांना माहीत आहे त्यांनी हा भाग सोडला तरी चालेल.

विंडोज १० असेल तर सोपं आहे. सेटिंग्जमध्ये गेमिंग, त्यात एक्सबॉक्स गेम बार, आणि तिथलं वरचं बटण बंद. झालं. विंडोज ११ मध्ये मात्र गोम आहे. गेमिंगमध्ये गेलात तर तिथे मिळणारं बटण फक्त गेम खेळायच्या कंट्रोलरने पट्टी उघडू द्यायची की नाही एवढंच ठरवतं. ते बंद केलं तरी कीबोर्डवरून ती उघडतेच! म्हणून ॲप्सच्या यादीत जायचं, तिथे गेम बार (काही ठिकाणी एक्सबॉक्स गेम बार) शोधायचा, शेजारच्या तीन टिंबांवर क्लिक करून ॲडव्हान्स्ड ऑप्शन्स उघडायचे, बॅकग्राउंडची परवानगी "नेव्हर" करायची आणि खालचं टर्मिनेटचं बटण दाबायचं. शिवाय गेमिंगमधल्या कॅप्चर्समध्ये जाऊन मागच्या मागे चालणारं रेकॉर्डिंग बंद आहे ना, ते एकदा बघून घ्यायचं. गेम मोड नावाचं आणखी एक बटण तिथेच असतं. ते वेगळं आहे, त्याचा या पट्टीशी संबंध नाही, दोघांची गल्लत करू नका. बहुतेकांचं काम एवढ्यात भागतं.

पण काहींना ती मुळापासून उपटायची असते. सेटिंग्जमधून ते होत नाही. पॉवरशेल उघडून "एक्सबॉक्स गेमिंग ओव्हरले" या नावाचं पॅकेज काढायची आज्ञा द्यावी लागते. देता येते, पॅकेज जातंही. पण कथा इथे संपत नाही! पट्टी गेली तरी विंडोजच्या पोटात तिचा पत्ता तसाच राहतो. मग एखादा गेम, किंवा विंडोजला गेम वाटणारा एखादा प्रोग्राम सुरू केला की चौकट उघडते, "ही लिंक उघडायला तुम्हाला नवीन ॲप लागेल." म्हणजे पाहुणा गेला, पण त्याच्या नावाची पत्रं आपल्याच दारात येत राहतात. ती थांबवायची तर रजिस्ट्रीत जाऊन गेम डीव्हीआरचं रेकॉर्डिंग शून्य करावं लागतं. आणि एवढं करूनही पुढच्या मोठ्या अपडेटबरोबर पट्टी पुन्हा येऊ शकते, किंवा लॅपटॉपवर दुसऱ्या नावाने नवं खातं उघडलं तर त्याच्यासाठी ताजी हजर होते, कारण मूळ प्रत विंडोजने जपून ठेवलेली असते. म्हणून माझा सल्ला असा, की आधी बंद करा, त्यावर आठवडाभर काम करून बघा, आणि अगदीच गरज वाटली तर काढा. काढलीच तर कधीतरी परत हवीशी वाटेल तेव्हा मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून फुकटात मिळते, एवढं लक्षात ठेवा.

इथे हॉस्टेलमधल्या एका साथीबद्दल बोलणं भाग आहे. पेन ड्राइव्हवरून एक "डीब्लोट" नावाची फाइल रूम-टू-रूम फिरते. डबल क्लिक करा, सगळा कचरा साफ! कोणी लिहिली माहीत नाही, आत काय आहे कोणी वाचलेलं नाही, पण ॲडमिनिस्ट्रेटरची परवानगी मात्र सगळे डोळे मिटून देतात. अशा फायली गेम बारबरोबर स्टोअर काढतात, अपडेट बंद करतात, कधी अँटिव्हायरसही झोपवतात. मग सबमिशनच्या आदल्या रात्री "ताई, माझा लॅपटॉप बघा ना" म्हणत ज्युनिअर दारात उभे! एका नको असलेल्या पाहुण्याला हाकलायला अनोळखी माणसाच्या हातात घराची किल्ली द्यायची, ही कुठली अक्कल? जी ओळ वाचून समजत नाही ती चालवायची नाही. मी म्हणते, एवढा एक नियम पाळला तरी आपल्या अर्ध्या तक्रारी संपतील.

दुसरी बाजूही ऐकून घेतली पाहिजे. माझा राग गेमवर नाही. शनिवारी रात्री काउंटर-स्ट्राइकचा आरडाओरडा नसेल तर हॉस्टेल हॉस्टेल वाटणार नाही. ज्यांना ही पट्टी हवी त्यांच्यासाठी ती कामाची आहे. एएमडीचे काही खास गेमिंग प्रोसेसर तर कुठला प्रोग्राम गेम आहे हे ओळखायला हिचीच मदत घेतात, तेव्हा तसा पीसी असणाऱ्याने ती काढणं म्हणजे पायावर धोंडा. गेम न खेळणाऱ्यांनाही एक उपयोग आहे. विंडोज, ऑल्ट आणि आर दाबलं की समोरच्या प्रोग्रामचं रेकॉर्डिंग सुरू होतं. प्रोजेक्टचा डेमो सर्किट सिम्युलेटरवर चालू असेल तर तो असा टिपून ठेवता येतो, वेगळं सॉफ्टवेअर लागत नाही. (अख्खा डेस्कटॉप मात्र ती टिपत नाही, एका वेळी एकच प्रोग्राम.) तेव्हा "काढाच" असं मी म्हणत नाही. ठेवायची की काढायची, हे ज्याचं त्याला ठरवता आलं पाहिजे, एवढंच माझं म्हणणं आहे.

"एवढ्याशा पट्टीसाठी एवढा लेख?" असं कोणी म्हणेल. पण जगात याच प्रश्नावर कोर्टकचेऱ्या झाल्या आहेत! १९९७ साली अमेरिकेत इंटरनेट एक्सप्लोररवरून वाद चालू होता. विंडोज ९५ मधून तो काढला तर विंडोज नीट चालणार नाही, असं मायक्रोसॉफ्टचं म्हणणं. डिसेंबरमध्ये न्यायाधीश थॉमस पेनफील्ड जॅक्सन यांनी भर कोर्टात सांगितलं, की आमच्याकडे एका तंत्रज्ञाने तो नव्वद सेकंदांच्या आत काढला आणि विंडोज व्यवस्थित चालू आहे. पुढे २००४ साली युरोपियन कमिशनने मीडिया प्लेअर विंडोजला जोडून दिल्याबद्दल ४९.७ कोटी युरोंचा दंड केला आणि त्याच्याशिवायचं विंडोज विकायला लावलं. ते आलं, पण किंमत तीच! मग कमी माल त्याच भावात कोण घेणार? कागदावरचा हक्क आणि हातात पडलेला हक्क यात किती अंतर असतं, ते यातून दिसतं.

आपल्या देशातही हे झालं आहे. अँड्रॉइड फोनमध्ये आधीपासून भरलेल्या ॲप्सबद्दल भारतीय स्पर्धा आयोगाने २० ऑक्टोबर २०२२ रोजी गूगलला १,३३७.७६ कोटी रुपयांचा दंड ठोठावला आणि वापरणाऱ्याला ती ॲप्स काढायला आडकाठी करू नका, असाही आदेश दिला. या प्रकरणाची तक्रार करणाऱ्यांमध्ये एक कायद्याचा विद्यार्थी होता, हे आपल्यासारख्यांनी मुद्दाम लक्षात ठेवावं. मात्र २९ मार्च २०२३ रोजी अपील न्यायाधिकरणाने दंड कायम ठेवला आणि ॲप्स काढू देण्याबद्दलचा तो आदेश रद्द केला. दंड सरकारजमा होणार, आपल्या फोनवरची ॲप्स जिथल्या तिथे!

युरोपात मात्र डिजिटल मार्केट्स कायद्यामुळे मार्च २०२४ पासून तिथल्या लोकांना विंडोजमधून एज ब्राउझरसुद्धा काढून टाकता येतो. आपल्याकडे सेटिंग्जमध्ये ते बटण मिळत नाही. "जगात जर्मनी, भारतात परभणी" असं आपण मोठ्या ऐटीत म्हणतो. मग जर्मनीतल्या पोराला जे काढता येतं ते परभणीतल्या पोराला का येऊ नये? सॉफ्टवेअर तेच, कंपनी तीच. फरक एवढाच, की तिथे कोणीतरी आग्रह धरला आणि कायदा झाला.

फोनचंही हेच. शाओमीवर गेम टर्बो, सॅमसंगवर गेम बूस्टर, प्रत्येकाचं नाव वेगळं, काम जवळपास एकच. सेटिंग्जमध्ये शोधा, बहुतेक ठिकाणी बंद करायची सोय असते. मेसमध्ये जेवता जेवता होणारं काम आहे.

शेवटी आपल्या कॉलेजकडे तीन मागण्या. मागण्या म्हणते, विनंत्या म्हटल्या तरी हरकत नाही.

एक, लॅबमधल्या पीसींवर ही पट्टी सर, आपणच एकदा बंद करून टाका. विंडोजच्या प्रो आणि एज्युकेशन आवृत्तीत ग्रुप पॉलिसी असते. त्यात गेम रेकॉर्डिंग आणि ब्रॉडकास्टिंग नावाची पॉलिसी आहे, ती डिसेबल केली की तेवढ्या पीसीवर रेकॉर्डिंगचा विषय संपतो. (होम आवृत्तीत ही सोय नाही, म्हणून आमच्या लॅपटॉपवर आम्हाला हाताने करावं लागतं.) परीक्षेच्या आधी एक दुपार दिली तर पोरांचं टेन्शन तेवढंच कमी होईल.

दोन, फर्स्ट इयरला कॉम्प्युटरची ओळख करून देताना "स्वतःचा पीसी कसा ओळखावा" यावर एक तास ठेवा. स्टार्टअपला काय सुरू होतं, कोण किती रॅम खातं, परवानगी म्हणजे काय, काढायचं कसं आणि परत आणायचं कसं. आम्ही चार वर्षांत ऑपरेटिंग सिस्टिमचे शेड्युलिंग अल्गोरिदम पाठ करतो, पण समोर चालू असलेल्या ऑपरेटिंग सिस्टिमचं एक बटण फिरवायला सीनिअरची रूम शोधतो. हे काही बरं नाही.

तीन, ज्यांचे लॅपटॉप जुने आहेत त्यांना लिनक्स लावून द्यायला एक दिवस ठरवा. तिथे कुठलंही पॅकेज काढायला कोणाची मनाई नाही, फक्त काय काढतोय ते समजून काढायचं. शिकायचं कुठून, हाही प्रश्न नाही. आयआयटी मुंबईच्या स्पोकन ट्युटोरियल प्रकल्पात लिनक्सचे धडे मराठीतसुद्धा आहेत, आणि तिथल्याच फॉसी प्रकल्पाने सायलॅब आणि ई-सिमसारखी फुकट मिळणारी सॉफ्टवेअर कॉलेजांपर्यंत पोचवली आहेत. सगळ्यांनी विंडोज सोडावं असं मी म्हणत नाही. काही सॉफ्टवेअर विंडोजवरच चालतात, नाइलाज आहे. पण दुसरं दारही उघडं आहे, हे माहीत तरी असावं!

आपण उद्या नोकरीत जाऊ तेव्हा आपल्यातलाच कोणीतरी अशीच एखादी पट्टी, असंच एखादं ॲप लिहीत असेल. वरून हुकूम येईल, "सगळ्यांच्या फोनमध्ये भरून टाका, काढायचं बटण देऊ नका." तेव्हा मीटिंगमध्ये हात वर करून "सर, काढायचं बटण द्यायला हवं" असं म्हणणारा एक तरी इंजिनिअर आपल्या कॉलेजचा असावा. त्याची तयारी म्हणून आज रात्री जेवण झाल्यावर आपापला लॅपटॉप उघडा, त्यावर कोण कोण येऊन बसलंय त्याची यादी करा, आणि प्रत्येकाला विचारा, "तू कोण, आणि तुला बोलावलं कोणी?"